दुसऱ्यांदा लिहिलेली नदी

यिन शौत्येन हे नाव
मी पहिल्यांदा टाइप केलं, तेव्हा
जुन्या फॉन्टमध्ये अर्धा त सुटा पडला
आणि लेखकाचे दोन तुकडे झाले.
मगदूमबाई म्हणाल्या, "जोडा, मोहिद्दीन.
माणसानं आधीच बरंच सोसलंय."

शाहूपुरी, सहावी गल्ली, तळमजला.
लग्नपत्रिका, पावतीपुस्तकं, कुस्तीच्या मैदानाची हँडबिलं,
आणि मधेच, दर गुरुवारी,
बाईंच्या पिशवीतून निघणारा चीन
इंग्रजीवरून मराठीत आलेला, पाठकोऱ्या कागदांवर,
निळ्या शाईत.

त्याचं आयुष्य मला हप्त्याहप्त्यानं कळलं.
बाप मिठाच्या वखारीत काट्यावर.
आई मुकी.
(बाईंनी खोडलं. आई अबोल.)
शहरात दोन पुस्तकं झाली, तिसऱ्याच्या आधी
त्याला डोंगरात धाडलं, डुकरं राखायला.
नऊ वर्षं.
कागद नव्हता. तो वजनाच्या पावत्या चोरायचा,
एका पावतीमागं एकोणीस ओळी बसवायचा.
मी आमच्या गुळाच्या अडत्याच्या पावतीवर बसवून पाहिल्या.
सतरा.

सगळ्या पावत्या लोणच्याच्या बरणीत घालून त्यानं पुरल्या.
परत शोधायला गेला, तर तिथं धरणाचं पाणी.
मग तीच कादंबरी त्यानं नव्यानं लिहिली, म्हातारपणी, आठवून.
"आठवून नव्हे," बाई म्हणाल्या, "विसरून."
बाई असं काही बोलल्या की
मी चहा सांगायचो.

त्या ऑगस्टात पंचगंगा गल्लीत आली.
पहिल्या दिवशी पायरीशी बसली, दुसऱ्या दिवशी
कॉम्प्युटरच्या खुर्चीवर.
सहाव्या दिवशी आम्ही शटर वर ढकललं.
चारशे दहा पानांची शाई धुऊन गेलेली,
कागद मात्र जागच्या जागी,
पुन्हा कोरे, जरा फुगलेले.
बाईंनी एक पान उजेडात धरलं, मागूनपुढून बघितलं
आणि विचारलं, "झाडू कुठाय?"

दिवाळीनंतरच्या गुरुवारी पिशवीतून निघालं
पान एक.
आता अक्षर मोठं, हाताला कंप,
पानावर जेमतेम अकरा ओळी.
शौत्येन पुन्हा जन्मला, पुन्हा डुकरं राखली,
मी पुन्हा अर्धा त जोडला.
तीन वर्षं गेली.
तीनशे प्रती निघाल्या, चाळीस माणसं आली, पेढे उरले.

पुस्तकाच्या शेवटी एक टीप आहे, ती कुणी वाचत नाही.
एका दुष्काळात धरण आटलं आणि बरणी वर आली.
गावकऱ्यांनी ती त्याला पोचवली.
त्यानं पावत्या काढल्या, बरणी घासली, उन्हात ठेवली
आणि तिच्यात लसूण घातला.
पावत्यांचं काय केलं, ते कुठंच आलेलं नाही.
टाइप करताना मला त्यात काही वाटलं नव्हतं.

परवा शमा तमालपत्र शोधत होती.
मसाल्याच्या डब्यात तळाशी पेन ड्राइव्ह,
पुराच्या आधीचा, हळदीनं पिवळा.
रात्री उघडला. सगळं होतं. पहिलं भाषांतर,
पहिल्या पानापासून.

जुन्यात लिहिलं होतं:
डुकरं झोपली होती आणि नदी जागी होती.
नव्यात:
डुकरं झोपली. नदीचं मला ठाऊक नाही.

सकाळी राजारामपुरीत गेलो.
बाई व्हरांड्यात मटार सोलत होत्या.
मी सांगितलं.
हात थांबला नाही. बऱ्याच वेळानं म्हणाल्या,
"त्यात ती अजून जागीच आहे का?"
"हो."
"असू दे मग."
आणि माझ्यापुढं मूठभर शेंगा सरकवल्या.

घरी येऊन मी तो डब्यात परत टाकला, तमालपत्राखाली.
तेव्हापासून झाकण नीट बसत नाही
म्हणून शमा रोज बोलते.
मी रोज दाबून बसवतो.